‘सुप्रीम कोर्टापर्यंत जाईन!’ : बांधावरचा शब्द आणि दिल्लीचं खरं कोर्ट

बोरीकाठ (अमळनेर तालुका), धागाकर्ता

मंडळी, आपल्याकडे बांधावरून भांडण पेटलं की हा शब्द येतोच : "सोडत नसतो, सुप्रीम कोर्टापर्यंत जाईन!" म्हणणारे शंभर, जाणारा एखादा. आमचे आप्पा गेले.

वाद दीड गुंठ्याचा. १९९१ साली शेजारच्या गटवाल्याने नांगरताना बांध सरकवला, असं आप्पांचं म्हणणं. मोजणी झाली, दोन्ही बाजूंना मान्य झाली नाही. मग तालुक्याला दावा, जिल्ह्याला अपील, औरंगाबादला दुसरं अपील. तेवीस वर्षं. मी शाळेत होतो तेव्हा सुरू झालेला दावा माझी मुलगी शाळेत जायला लागली तरी चालूच होता. औरंगाबादला हरल्यावर आप्पांनी दोन म्हशी विकल्या आणि भुसावळहून पंजाब मेलने दिल्ली गाठली. सोबत आईने बांधून दिलेल्या कळण्याच्या भाकरी आणि ठेचा. पुकारा झाला, वकील उभे राहिले, दोन-तीन मिनिटांत प्रकरण निकाली. हातात आला तो एका ओळीचा आदेश : याचिका फेटाळली.

आप्पा परत आले ते गप्प होऊनच. पारावर बसेनात. एकदाच मला म्हणाले, "देशाच्या सगळ्यात मोठ्या कोर्टाने मला खोटं ठरवलं." हे मनात ठेवूनच ते २०१९ मध्ये गेले.

मी गावात संध्याकाळी पोरांची अभ्यासिका चालवतो. राज्यघटना शिकवायची म्हणून निकाल वाचायला लागलो, तेव्हा २००० सालचा कुन्हायम्मद विरुद्ध केरळ राज्य हा निकाल हाती आला. त्यात तीन न्यायमूर्तींनी स्वच्छ लिहिलंय की विशेष अनुमती याचिका कारण न देता फेटाळली, तर तिचा अर्थ एवढाच की या प्रकरणात अपिलाची परवानगी द्यावीशी वाटली नाही. खालच्या कोर्टाचा निकाल बरोबर होता असं सुप्रीम कोर्टाने म्हटलं, असा अर्थ त्यातून निघत नाही.

म्हणजे आप्पांना कुणी खोटं ठरवलंच नव्हतं. त्यांचं प्रकरण तिथे ऐकायला घेतलं गेलं नाही, इतकंच. हा फरक त्यांना एकाही माणसाने समजावून सांगितला नाही, आणि मला समजला तेव्हा सांगायला आप्पा नव्हते.

हा धागा त्यासाठी. सुप्रीम कोर्ट म्हणजे तालुक्याच्या कोर्टाचीच शेवटची, उंच पायरी, अशी आपली समजूत आहे. मला वाटतं ती समजूतच चुकीची आहे. ते कोर्ट कशासाठी बांधलं गेलं आणि आपल्या खानदेशापर्यंत त्याचा हात कुठे-कुठे पोचला (किंवा नाही पोचला), यावर जाणत्यांनी लिहावं. इतिहासाचा थोडा भाग मीच मांडतो.

सुप्रीम कोर्ट हे नाव आपल्या भागात १९५० च्या कितीतरी आधीचं आहे. कलकत्त्यात १७७४ साली या नावाचं कोर्ट उघडलं, मुंबईत १८२४ साली. खानदेश तोवर इंग्रजांकडे आला होता, १८१८ मध्ये पेशवाई बुडाल्यावर. पण मुंबईचं ते सुप्रीम कोर्ट आपलं नव्हतंच. ते मुंबई शहरासाठी आणि गोऱ्या प्रजेसाठी. बाहेरच्या मुलखाला कंपनीची वेगळी सदर अदालत. १८२८ च्या सुमारास मुंबईच्या सुप्रीम कोर्टाने पुण्यातल्या एका मुलाला हजर करा असा हुकूम काढला, तेव्हा गव्हर्नर माल्कमने तो मानला नाही. न्यायमूर्ती ग्रँट इतके संतापले की त्यांनी कोर्टाचं कामच बंद ठेवलं. शेवटी लंडनच्या प्रिव्ही कौन्सिलने निवाडा दिला : मुंबईबाहेरच्या एतद्देशीयांवर या कोर्टाचा हुकूम चालत नाही.

अमळनेर-एरंडोलच्या माणसाला 'सुप्रीम' म्हणवणाऱ्या कोर्टाकडे दाद मागायची सोयच नव्हती, ही गोष्ट मी पोरांना आवर्जून सांगतो. १८६२ मध्ये दोन्ही व्यवस्था मोडून मुंबईला हायकोर्ट आलं, त्यावरचं अपील मात्र समुद्रापलीकडे प्रिव्ही कौन्सिलकडे. ती वाट बंद झाली ती १९४९ मध्ये. आणि २६ जानेवारी १९५० ला आपलं सर्वोच्च न्यायालय अस्तित्वात आलं, २८ तारखेला त्याचं उद्घाटन झालं. सरन्यायाधीश हरिलाल कणिया धरून न्यायमूर्तींच्या जागा आठ. सुरुवातीला सगळे एकत्रच बसून प्रकरणं ऐकत. इमारतही स्वतःची नव्हती, संसद भवनातल्या नरेंद्र मंडळाच्या दालनात काम चाले. आत्ताची टिळक मार्गावरची इमारत १९५८ ची.

आज न्यायमूर्तींच्या जागा ३४ आहेत आणि पडून असलेली प्रकरणं ऐंशी हजारांच्या पुढे. त्यात माझ्या आप्पांसारख्यांचे बांध किती असतील, याचा विचार करून झोप लागत नाही.

---

केळीबाग_रावेर

दादा, आप्पांचं वाचून डोळे भरून आले.

इतिहासात आपल्या फैजपूरला विसरू नका. १९३५ च्या कायद्याने दिल्लीला फेडरल कोर्ट दिलं. १ ऑक्टोबर १९३७ ला ते सुरू झालं, सर मॉरिस ग्वायर मुख्य न्यायाधीश, सोबत शाह सुलेमान आणि आपले मुकुंदराव जयकर. तीनच न्यायाधीश. आजच्या सुप्रीम कोर्टाचं हेच पूर्वरूप. पण तोच १९३५ चा कायदा आम्हाला मान्य नाही, आमची घटना आम्हीच निवडून दिलेल्या सभेने लिहावी, असा ठराव काँग्रेसने डिसेंबर १९३६ मध्ये केला तो फैजपुरात. खेड्यात भरलेलं पहिलं अधिवेशन. माझे आजोबा तेव्हा सोळा वर्षांचे, पाण्याच्या घागरी वाहायला होते. त्यांना ठरावातलं किती कळलं असेल कुणास ठाऊक, पण 'घटना आपणच लिहायची' हे ते मरेपर्यंत सांगत.

आज या कोर्टाला जो अधिकार आहे तो इंग्रजाच्या सनदेतून आलेला नाही, त्या मागणीतून आलेल्या घटनेतून आला आहे. मला हा फरक फार मोठा वाटतो.

---

सातपुड्याची_लेक (धडगाव)

मी शिक्षिका आहे, पावरा समाजातली. बोरीकाठ सरांनी 'किंवा नाही पोचला' असं कंसात लिहिलंय, म्हणून लिहायचं धाडस करते.

सरदार सरोवरात महाराष्ट्राची तेहतीस गावं बुडिताखाली आली. सगळी आमच्या अक्कलकुवा आणि अक्राणी तालुक्यांतली. मणिबेलीचं नाव तुम्ही ऐकलं असेल. नर्मदा बचाव आंदोलन १९९४ मध्ये सुप्रीम कोर्टात गेलं आणि १९९५ पासून धरणाची भिंत काही वर्षं थांबली. आमच्या डोंगरात तेव्हा लोक म्हणायचे, दिल्लीत कुणीतरी ऐकणारं आहे. नंतर १८ ऑक्टोबर २००० ला निकाल आला. दोन विरुद्ध एक. भिंत वाढवायला परवानगी, पुनर्वसन सोबत-सोबत करत जायचं या अटीवर. न्यायमूर्ती भरुचा यांचं मत वेगळं होतं. पर्यावरणाची परवानगी नीट विचार करून दिलीच गेली नव्हती, आधी ते तपासा आणि तोवर काम थांबवा, असं त्यांनी लिहिलं.

अट कागदावर सोपी असते. माझ्या मामांच्या घराजवळ पाणी आलं तेव्हा त्यांना दाखवलेली जमीन मुरमाड होती, आणि दाखवणारा साहेब पुढच्या महिन्यात बदलून गेला. कोर्टाने जे लिहिलं ते खाली पोचवायचं कुणी, हा माझा प्रश्न आहे.

दुसरी बाजूही लिहिते, नाहीतर अन्याय होईल. १३ फेब्रुवारी २०१९ ला ज्यांचे वनहक्क दावे फेटाळले गेले त्यांना जंगलातून काढा असा आदेश झाला. आमच्या पाड्यांवर त्या पंधरा दिवसांत कुणी नीट जेवलं नाही. फेटाळलेल्या दाव्यांत किती जणांना साधी नोटीसही मिळाली नव्हती! पण २८ फेब्रुवारीला त्याच कोर्टाने तो आदेश स्थगित ठेवला आणि दावे कोणत्या पद्धतीने फेटाळले ते सांगा असं राज्यांना विचारलं. आपलंच म्हणणं पंधरा दिवसांत थांबवून परत विचारायची तयारी त्या कोर्टात आहे, हे मी माझ्या वर्गात सांगते. आणि मणिबेलीही सांगते.

---

धुळेकर_वकील

ताई, तुमच्या पोस्टला हात जोडतो.

बोरीकाठ, तुमच्या आप्पांच्या प्रकरणाबद्दल वकील म्हणून लिहितो, कारण ही चूक आम्हा वकिलांचीच आहे. अशिलाला आदेशाचा अर्थ सांगणं हे फी घेणाऱ्याचं काम आहे.

घटनेच्या कलम १३६ खाली जी विशेष अनुमती याचिका जाते, तिच्यात दोन टप्पे असतात. पहिला, आम्हाला अपील करू द्या ही विनंती. दुसरा, परवानगी मिळाली तर प्रत्यक्ष अपील. बहुतेक प्रकरणं पहिल्याच टप्प्यावर संपतात. हे अपील पक्षकाराचा हक्क म्हणून नाही, कोर्टाच्या मर्जीवर आहे. कोर्ट पाहतं की यात कायद्याचा मोठा प्रश्न आहे का, किंवा डोळ्यांआड करता येणार नाही असा ढळढळीत अन्याय आहे का. बांध कुठे होता ही वस्तुस्थिती. ती ठरवायची तालुक्याच्या आणि जिल्ह्याच्या कोर्टाने. १९७६ च्या दुरुस्तीनंतर तर हायकोर्टातलं दुसरं अपीलसुद्धा कायद्याच्या महत्त्वाच्या प्रश्नापुरतंच आहे. म्हणून माझ्याकडे कुणी बांधाचं प्रकरण घेऊन आला की मी सांगतो : भाऊ, तुझं सुप्रीम कोर्ट तालुक्यालाच आहे. मोजणीदाराची उलटतपासणी तिथे नीट झाली नाही, तर दिल्लीला जाऊन काही दुरुस्त होत नाही.

मग दिल्लीच्या कोर्टाचं खरं काम काय? माझ्या मते तीन. मूलभूत हक्कांवर घाला आला तर कलम ३२ खाली थेट दाद देणं, राज्याराज्यांतले आणि केंद्र-राज्यांतले तंटे सोडवणं, आणि देशभर कायद्याचा एकच अर्थ लावून देणं. कलम १४१ म्हणतं की तिथे सांगितलेला कायदा देशातल्या सगळ्या कोर्टांना बंधनकारक. शिरपूरच्या कोर्टात मी उभा राहतो तेव्हा माझ्या हातात त्याच निकालांच्या प्रती असतात. अशील दिल्लीला जात नाही, पण दिल्लीचं कोर्ट रोज शिरपूरला येतं.

कलम ३२ ला बाबासाहेबांनी घटनेचा आत्मा आणि हृदय म्हटलं, ९ डिसेंबर १९४८ ला घटना समितीत. धुळेकरांना वेगळं सांगायला नको. ३१ जुलै १९३७ ला बाबासाहेब एका खटल्याच्या कामासाठी धुळ्याच्या कोर्टात आले होते आणि लळिंगच्या लांडोर बंगल्यात राहिले होते. आजही दर ३१ जुलैला तिथे लोक जमतात. वकील झालो तेव्हा माझे वडील मला पहिल्यांदा तिथे घेऊन गेले, कोर्टात नंतर.

औरंगाबाद खंडपीठाचीही एक गोष्ट. पूर्वी जळगाव-धुळ्याच्या माणसाला हायकोर्टासाठी मुंबईच गाठावी लागे. १९८१ च्या ऑगस्टमध्ये खंडपीठ सुरू झालं तर त्यालाच आव्हान दिलं गेलं, आणि मुंबई हायकोर्टाने ते रद्दही ठरवलं. १९८२ मध्ये सुप्रीम कोर्टाने नारायण शामराव पुराणिक प्रकरणात ते वैध ठरवलं, म्हणून आज आपण सकाळच्या एसटीने जाऊन संध्याकाळी घरी येतो.

---

चोपड्याची_माहेरवाशीण

मी कायदा शिकलेली नाही. माझं सांगते.

आमच्याकडे बहिणींनी तलाठ्यासमोर हक्कसोडवर सही करायची, भावाने एक साडी घ्यायची, आणि मग माहेर उघडं राहतं असं म्हणायचं. मी सही केली नाही. वडील २००३ साली वारले होते. मला सांगण्यात आलं की मुलींचा कायदा आला ९ सप्टेंबर २००५ ला आणि त्या दिवशी वडील हयात नव्हते, म्हणून तुझा जन्महक्क नाही. २०१५ मध्ये सुप्रीम कोर्टाचा तसा निकालही होता, तो माझ्यासमोर वाचून दाखवला गेला.

११ ऑगस्ट २०२० ला विनीता शर्मा प्रकरणाचा निकाल लागला. तीन न्यायमूर्ती. मुलीचा वडिलोपार्जित मिळकतीतला हक्क जन्मापासूनच आहे, २००५ मध्ये वडील जिवंत असोत-नसोत. आधीचा अर्थ चुकला होता असं त्यांनी लिहिलं. आमच्या वाटण्या झालेल्या नव्हत्या. माझ्या भावाने तो निकाल मोबाइलवर मराठीत वाचला आणि दुसऱ्या दिवशी स्वतः फोन केला. कोर्टात जावंच लागलं नाही. आज सातबाऱ्यावर माझं नाव आहे आणि राखीला मी माहेरीच असते.

सही करणाऱ्या माझ्या दोन मावश्या अजून विचारतात, आमचं काय? त्यांना काय सांगू?

---

धुळेकर_वकील

ताई, मावश्यांच्या सह्या कशावर झाल्या ते कागद बघूनच सांगता येईल. नोंदणीकृत हक्कसोड असेल तर अवघड. २० डिसेंबर २००४ च्या आधीची नोंदणीकृत वाटणी असेल तर तिला या कायद्याने धक्का लागत नाही. तोंडी सोडलं आणि तलाठ्याने नुसती फेरफार नोंद घातली असेल, तर दाद मागण्याजोगं बरंच काही असू शकतं. फेरफाराचा उतारा काढून ठेवा. आपल्या राज्याने तर १९९४ सालीच मुलींना हक्क दिला होता, २२ जून १९९४ च्या आधी लग्न न झालेल्यांना. त्यांची लग्नं कधी झाली तेही पाहा.

---

अहिरानी_माय (साक्री)

मन्हा आजा सांगे, शहाना मानूसनी कोर्टनी पायरी चढू नही. या ताईनं वाचीसन वाटनं, पायरी चढनी नही तरी निकाल घर येस. हाई तं माले आजच समजनं.

---

एमपीएससी_जळगाव

सर, परीक्षेला आम्ही केशवानंद भारती पाठ करतो : २४ एप्रिल १९७३, तेरा न्यायमूर्ती, सात विरुद्ध सहा, मूलभूत संरचना. पण खरं सांगायचं तर त्याचा माझ्या आयुष्याशी काय संबंध, हे कुणी शिकवलं नाही. इथे कुणी सांगेल का?

---

बोरीकाठ (धागाकर्ता)

बाळा, प्रश्न फार चांगला. माझ्या पद्धतीने सांगतो.

संसदेला घटना दुरुस्त करता येते. मग बहुमत असलेल्या सरकारने उद्या दुरुस्ती करून निवडणुकाच काढून टाकल्या तर? शंकरी प्रसाद प्रकरणात १९५१ मध्ये कोर्ट म्हणालं, संसद मूलभूत हक्कही बदलू शकते. १९६७ मध्ये गोलकनाथ प्रकरणात म्हणालं, अजिबात नाही. १९७३ मध्ये या दोन टोकांमधली वाट निघाली : दुरुस्ती करा, पण घटनेचा मूळ ढाचा मोडू नका. घर रंगवा, माडी चढवा, पाया उकरू नका. ६८ दिवस सुनावणी चालली होती. मठाधिपती केशवानंद भारती गेले होते जमिनीच्या प्रश्नावर आणि निघाला संबंध देशाचा प्रश्न. तुझं मत, तुझी निवडणूक, सरकारविरुद्ध कोर्टात जायची तुझी वाट यांवर घाला घालणारी दुरुस्ती आली, तर तिला थांबवायला जे हत्यार आहे ते हेच. तेही एका मताने मिळालेलं.

---

केळीबाग_रावेर

आणि हत्यार हातात असूनही ते उचललं गेलं नाही, तेही पोराला सांगा.

आणीबाणीत माझे काका मिसाखाली, म्हणजे खटल्याविना अटकेच्या कायद्याखाली, नाशिक रोडच्या तुरुंगात होते. आमच्या काकूंना वाटे, हायकोर्टाने सोडवलं नाही तर सुप्रीम कोर्ट आहे. देशात अनेक हायकोर्टांनी असे अर्ज ऐकायला घेतलेही होते. २८ एप्रिल १९७६ ला सुप्रीम कोर्टाने जबलपूर प्रकरणात चार विरुद्ध एक असं ठरवलं की आणीबाणीत अटक बेकायदा असली तरी कोर्टात दाद मागता येणार नाही. विरोधात एकटे न्यायमूर्ती हंसराज खन्ना. त्याची किंमत त्यांनी मोजली. जानेवारी १९७७ मध्ये त्यांना डावलून कनिष्ठ न्यायमूर्तींना सरन्यायाधीश केलं आणि खन्नांनी राजीनामा दिला.

बहुमतातल्या चौघांत न्यायमूर्ती यशवंतराव चंद्रचूड होते. २०१७ च्या ऑगस्टमध्ये नऊ न्यायमूर्तींनी खासगीपणाचा हक्क मान्य केला, तेव्हा जबलपूरचा निकाल चुकीचा म्हणून मोडीत काढणारं मत लिहिलं त्यांचेच चिरंजीव धनंजय चंद्रचूड यांनी. एकेचाळीस वर्षं लागली. काकू तोवर राहिल्या नाहीत. पण माझ्या घरात त्या दिवशी दिवा लावला होता, हे खरं आहे.

---

नवापूरकर

आमच्याकडच्या ताज्या गोष्टीवर कुणीच लिहिलं नाही, म्हणून लिहितो. जानेवारी २०२० मध्ये धुळे आणि नंदुरबार जिल्हा परिषदांच्या निवडणुका झाल्या. ४ मार्च २०२१ ला गवळी प्रकरणात ओबीसी आरक्षणावर सुप्रीम कोर्टाचा निकाल आला आणि आमच्या गटाच्या सदस्याचं पद गेलं. निवडून आलेला माणूस, काही चूक नसताना! गावात मोठा राग होता. ५ ऑक्टोबर २०२१ ला परत मतदान.

मीही रागावलो होतो. नंतर निकाल समजून घेतला. नंदुरबारमध्ये आदिवासी लोकसंख्या इतकी मोठी आहे की अनुसूचित जमातींच्या जागाच खूप होतात. त्यावर ओबीसींचे सरसकट २७ टक्के ठेवले की एकूण आरक्षण पन्नास टक्क्यांच्या वर जातं. कोर्ट म्हणालं, आधी आयोग नेमून प्रत्येक संस्थेपुरता मागासलेपणाचा अभ्यास करा, मग प्रमाण ठरवा, आणि एकूण पन्नासच्या वर जाऊ नका. हेच त्यांनी २०१० मध्येही सांगितलं होतं. राज्याने अकरा वर्षं अभ्यासच केला नाही. म्हणजे काम न करणारे वेगळे आणि पद गेलं आमच्या सदस्याचं. पन्नास टक्क्यांचा नियम अनुसूचित क्षेत्राला लावावा का, यावर माझं मत अजून वेगळं आहे. पण शिव्या कुणाला द्यायच्या ते आता नीट कळतं.

---

सातपुड्याची_लेक (धडगाव)

नवापूरकर भाऊंच्या शेवटच्या वाक्याला +१.

एक राहिलं होतं. माझ्या आजोबांची शहादा तालुक्यातली जमीन १९६० च्या आसपास सावकारीत गेली होती. १९७४ चा कायदा आला : १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ दरम्यान आदिवासींकडून बिगर-आदिवासींकडे गेलेल्या जमिनी परत करायच्या. ज्यांच्या हातून जमिनी जाणार होत्या ते कोर्टात गेले, आमच्या मालमत्तेवर हा घाला आहे म्हणून. १९८४ मध्ये लिंगप्पा पोचन्ना प्रकरणात सुप्रीम कोर्टाने कायदा कायम ठेवला. दुबळ्याच्या हातून अशा रीतीने निसटलेलं त्याला परत मिळवून देणं हाच न्याय, असा त्याचा आशय. आजोबांना साडेतीन एकर परत मिळाली. त्या शेतातल्या ज्वारीवर मी शिकले. म्हणून मणिबेलीचा राग मनात असूनही त्या कोर्टाला मी परकं म्हणू शकत नाही.

---

गिरणा_खोरे (भडगाव)

सगळं वाचलं. मी मदत मागायला आलोय. माझी बहीण विधवा आहे. नवऱ्याच्या जागी अनुकंपा नोकरीचं प्रकरण औरंगाबादला हरलो. वकील म्हणतात दिल्लीला जा, तीन लाख लागतील. आमच्याकडे तीन लाख नाहीत. जायचं की नाही?

---

धुळेकर_वकील

जायचं की नाही ते निकालाची प्रत पाहिल्याशिवाय सांगणार नाही. पण पैशाचं ऐका. विधी सेवा प्राधिकरण कायद्याच्या कलम १२ प्रमाणे स्त्रियांना, अनुसूचित जाती-जमातींना, अपंगांना, कोठडीत असलेल्यांना उत्पन्न न पाहता मोफत वकील मिळतो. हे सुप्रीम कोर्टापर्यंत लागू आहे, तिथे स्वतंत्र विधी सेवा समिती आहे. तुमच्या तालुका कोर्टाच्या आवारातच विधी सेवेचं कार्यालय असतं, अर्ज तिथून पुढे पाठवतात. फोन करायचा तर १५१००.

सुप्रीम कोर्टात याचिका दाखल करायला तिथली वेगळी परीक्षा उत्तीर्ण झालेला 'ॲडव्होकेट ऑन रेकॉर्ड' लागतो. इथला वकील मी येतो म्हणाला तरी कागद त्याच्याच सहीने दाखल होणार. विधी सेवा समिती तोही देते. मुदत साधारण नव्वद दिवस, हायकोर्टाच्या निकालापासून. प्रमाणित प्रत मिळायला लागलेले दिवस त्यातून वजा होतात, पण त्यावर विसंबून बसू नका.

आणि आधी त्या समितीच्या वकिलाला एकच विचारा : यात कायद्याचा प्रश्न आहे का? नाही म्हणाला तर तो प्रामाणिक आहे असं समजा.

---

गिरणा_खोरे (भडगाव)

वकीलसाहेब, खूप उपकार झाले. आत्ता कॅलेंडर पाहिलं. आज एकसष्टावा दिवस. नक्कल काढलेलीच आहे. सोमवारी बहिणीला घेऊन तालुका कोर्टात जातो.

---

बोरीकाठ (धागाकर्ता)

सोमवारी लवकर जा, दुपारनंतर तिथे गर्दी होते. ताईंचं आधारकार्ड, हायकोर्टाच्या निकालाची नक्कल आणि नवऱ्याच्या मृत्यूचा दाखला सोबत ठेवा.

आणि भाऊ, दिल्लीहून जो काही आदेश येईल, एका ओळीचा का असेना, तो इथे टाका. आम्ही सगळे मिळून ताईंना त्याचा अर्थ मराठीत लिहून देऊ.